कलाभवनातला छायाचित्रकार : दादासाहेब फाळके

दादासाहेब फाळके म्हटले की त्र्यंबकेश्वर, मुंबई, नाशिक आठवते. बडोदे आठवत नाही. आम्ही सरकारी फायलींतली माणसे, इतिहासकार नव्हे. तरी ही उणीव उत्सवाच्या निमित्ताने थोडी भरून काढावी, म्हणून हा लेखनप्रपंच.

श्रीमंत सयाजीराव महाराजांनी १८९० मध्ये कलाभवन सुरू केले. त्याच वर्षी वीस वर्षांचे धुंडिराज गोविंद फाळके तेथे दाखल झाले. तैलरंग, जलरंग, मूर्तिकाम शिकता शिकता त्यांना कॅमेऱ्याचा नाद लागला. प्राचार्य गज्जर यांनी तो ओळखून त्यांना कलाभवनाचा फोटो स्टुडिओ वापरू दिला आणि तीनरंगी ब्लॉक बनवण्याचे काम शिकायला रतलामलाही पाठवले.

विद्या आली, पण पोट भरेना. गोध्र्याला फोटोचा व्यवसाय थाटला, तर १९०० च्या प्लेगमध्ये पत्नी व मूल गेले. खचलेले फाळके बडोद्याला परतले. येथे लोकांत समज असा, की कॅमेरा अंगातली शक्ती ओढून घेतो आणि माणूस मरतो! दरबारातली शंका त्यांनी दूर केली, तरी गिऱ्हाईक वाढले नाही. आपल्या कित्येक घरांत पणजोबांचा फोटो आहे, पणजीचा नाही; त्यामागे अशी भीतीही असेल.

याच माणसाने १९१२ मध्ये लंडनहून विल्यम्सन कॅमेरा आणला. कुंडीतल्या वाटाण्याची वाढ थोड्याथोड्या वेळाने टिपून अंकुर पडद्यावर वाढताना दाखवला. त्र्यंबक तेलंग यांना त्यांनी कॅमेरा चालवायला शिकवले आणि ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशनमध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला. फ्रान्सचे मेलिएस मुळात जादूगार. फाळकेही जादूचे प्रयोग करीत. एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करण्यासारख्या युक्त्या दोघांनीही वापरल्या. पण फाळक्यांच्या चौकटीत चित्रकाराची मांडणी होती. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’मध्ये त्यांची लेक मंदाकिनी कृष्ण झाली. तो चित्रपट पाहताना देवघरातली तसबीर हलू लागल्यासारखी वाटते. ती नजर बडोद्यात घडू लागली होती.

कलाभवनाची वास्तू आज महाराजा सयाजीराव विद्यापीठाच्या तंत्रज्ञान विद्याशाखेत आहे. तेथून जाताना मुलांना एवढे जरूर सांगावे : आपल्या गावाने फाळक्यांना शिकवले, पण त्यांच्या कॅमेऱ्यासमोर बसायला आपण कचरलो.