शिशाच्या नळ्या आणि अमेरिकेचा कायदा



अमेरिकेंतील शिकागो शहराच्या नियमांत १९८६ सालापर्यंत असें एक कलम होतें कीं, रस्त्याखालच्या मोठ्या नळापासून लहान घरापर्यंत पाणी नेणारी नळी शिशाचीच असली पाहिजे. त्याच १९८६ सालीं त्या देशाच्या मध्यवर्ती सरकारनें पिण्याच्या पाण्यासाठीं शिशाची नवी नळी घालण्यास बंदी केली. काल जी वस्तु सक्तीची होती ती आज निषिद्ध ठरली! विषाचा नवा शोध लागल्यामुळें ही उलथापालथ झाली असें कोणास वाटेल, तर तें खरें नव्हे.

शिसें विषारी आहे हें ज्ञान फार जुनें आहे. रोमन स्थापत्यकार विट्रुव्हियस यानें दोन हजार वर्षांपूर्वीं लिहून ठेवलें कीं, पाण्यासाठीं शिशापेक्षां मातीच्या नळ्या बऱ्या, आणि शिशाचें काम करणाऱ्या कारागिरांचे निस्तेज चेहरे हा त्यानें त्यास पुरावा दिला. मग शिसेंच कां? तें मऊ असून हवें तसें वांकतें, जमीन खचली किंवा थंडीनें गोठून फुगली तरी सहसा तडकत नाहीं, आणि लोखंडासारखें गंजत नसल्यानें पिढ्यान्‌पिढ्या टिकतें. नगराच्या अभियंत्यास याहून अधिक काय पाहिजे?

या संबंधांत बेंजामिन फ्रँकलिन यानें १७८६ सालीं एका मित्रास लिहिलेल्या पत्रांतील हकीकत मला फार बोधक वाटते. युरोपांतील एका उंचावरच्या वाड्यांत विहीर नव्हती, म्हणून शिशाच्या छपरावर पडणारें पावसाचें पाणी टाक्यांत सांठवून तें कुटुंब पीत असे. कित्येक वर्षें कोणास कांहीं झालें नाहीं. पुढें घराजवळ लावलेलीं झाडें वाढून छपराच्या वर गेलीं, त्यांचीं पानें छपरावर गळूं लागलीं, आणि सगळें कुटुंब पोटशूळानें आजारी पडलें. पानांतील आम्लानें शिसें विरघळलें असावें, असा तर्क करण्यांत आला. छप्पर तेंच, टाकें तेंच. बदललें तें फक्त पाणी. पुढचा दोनशें वर्षांचा इतिहास या एका गोष्टींत सांठविलेला आहे.

ज्ञान असें हाताशीं असतांहि १९०० च्या सुमारास अमेरिकेंतील बहुतेक मोठ्या शहरांत शिशाच्या नळ्या पडल्या होत्या. १९२८ सालीं शिशाच्या उद्योजकांनीं आपला संघ स्थापन केला. नगरांच्या नियमांतून शिशाची नळी जाऊं नये म्हणून त्याचे प्रतिनिधि गांवोगांव खटपट करीत असत. १९७४ सालीं पिण्याच्या पाण्याच्या सुरक्षिततेचा कायदा झाला, व त्यांत सुधारणा होऊन १९८६ ची बंदी आली. गंमत अशी कीं, नळ्या व तोट्या यांत शेंकडा ८ पर्यंत शिसें असलें तरी त्यांस 'शिसेंरहित' समजावें, अशी व्याख्या त्याच कायद्यांत होती. 'रहित' या शब्दाचा असा अर्थ मीं तरी कोणत्याहि कोशांत पाहिलेला नाहीं! हें प्रमाण शेंकडा पाव इतकें खालीं येण्यास २०१४ साल उजाडावें लागलें.

पण जमिनींत आधींच गाडलेल्या लाखों नळ्यांचें काय? १९९१ च्या नियमानें त्यावर तोड काढली ती अशी: नळ्या राहूं द्याव्या, पाणी संभाळावें. पाण्यांत अल्पसें फॉस्फेट मिसळलें म्हणजे नळीच्या आंतून पातळ पुट चढतें व शिसें पाण्यांत उतरत नाहीं. आपण पितळेच्या भांड्यांस कल्हई करतों, त्यांतलाच हा प्रकार. फरक इतकाच कीं, ही कल्हई पाणीच चढवितें आणि पाणीच काढून नेतें. निवडक घरांतील पाणी तपासावें, आणि शंभरांत दहांहून अधिक नमुन्यांत लिटरमागें १५ मायक्रोग्रॅमपेक्षां जास्त शिसें आढळलें तर शहरानें पुढील उपाय योजावे, असें ठरलें. राहिलेल्या दहांत कितीहि शिसें असो, त्यांची दाद नव्हती. शिवाय अंगणाखालची नळी कोणाची, शहराची कीं घरमालकाची, हा वाद होताच.

ही कल्हई किती कच्ची, तें राजधानी वॉशिंग्टन येथें प्रथम दिसलें. २००० सालीं तेथें जंतुनाशक म्हणून क्लोरिनऐवजीं क्लोरामाईन वापरूं लागले, तों नळ्यांतलें पुट सुटलें. हजारों घरांच्या पाण्यांत शिसें मर्यादेबाहेर गेल्याचें लोकांस कळलें तें २००४ च्या जानेवारींत.

त्याहून दारुण प्रकार मिशिगन संस्थानांतील फ्लिंट शहरीं घडला. शहर कर्जबाजारी, आणि कारभार संस्थानानें नेमलेल्या प्रशासकाच्या हातीं. काटकसर म्हणून २०१४ च्या एप्रिलमध्यें डेट्रॉइटकडून मिळणारें पाणी बंद करून फ्लिंट नदीचें पाणी सुरू झालें, आणि त्यांत फॉस्फेट घातलें गेलें नाहीं. आधीं सहा सहा महिन्यांच्या दोन तपासण्या कराव्या, मग उपाय ठरवावा, असा नियमाचा अर्थ संस्थानाच्या अधिकाऱ्यांनीं लावला. त्याच ऑक्टोबरांत जनरल मोटर्सच्या इंजिनांच्या कारखान्यानें तें पाणी घेणें सोडलें, कारण यंत्राचे भाग गंजत होते. लोखंडास न मानवणारें पाणी मुलांस मात्र पाजलें जात होतें. २०१५ च्या फेब्रुवारींत एका गृहिणीच्या घरीं लिटरमागें १०४ मायक्रोग्रॅम शिसें निघालें. सप्टेंबरांत बालरोगतज्ज्ञ डॉ. मोना हॅना-अतिशा यांनीं दाखवून दिलें कीं, रक्तांत शिसें वाढलेल्या लहान मुलांचें प्रमाण शेंकडा २.४ वरून ४.९ वर गेलें आहे. प्रथम अधिकाऱ्यांनीं त्यांस खोटें पाडण्याचा यत्न केला. ऑक्टोबरांत डेट्रॉइटचें पाणी परत आलें. मुलांच्या मेंदूवर शिशाचा जो परिणाम होतो, तो मात्र असा परत फिरवितां येत नाहीं.

कल्हईवर विसंबण्याचें धोरण अखेर २०२४ च्या ऑक्टोबरांत सरकारनें सोडलें. त्या वर्षीं झालेल्या नियमानें बहुतेक शहरांस जुन्या नळ्या उखडून काढण्यास दहा वर्षांची मुदत घातली, तिची मोजणी २०२७ पासून. आणि १५ ची मर्यादा १० वर आणली. ज्या शिकागोनें हीच नळी सक्तीची केली होती तेथें अशा सुमारें चार लाख नळ्या असल्यानें, तिला अधिक मुदत मिळण्याची सोय त्यांत आहे.

फ्लिंटला हें काम न्यायालयांतील २०१७ च्या तडजोडीनें तीन वर्षांत पुरें करावयाचें होतें. तें पुरें झाल्याचें जाहीर झालें २०२५ सालीं. उशीर होण्यास एक कारण असें कीं, कोणत्या घराची नळी कशाची याची नोंद हजारों जुन्या कार्डांवर होती, आणि ती पुष्कळदां चुकीची निघे. मग अंगण खणून पाहण्यावांचून गत्यंतर नसे, आणि कित्येक ठिकाणीं खड्ड्याच्या तळाशीं शिशाऐवजीं तांब्याची नळी निघे.