दुर्बिणीची शस्त्रक्रिया आणि भूल : अर्धशतकाचा प्रवास

कोणत्याही संस्थेच्या इतिहासात पन्नास वर्षे हा मोठा टप्पा होय. आपल्या ट्रस्टच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त धर्मकार्य, शिक्षण आणि जीवदया यांचे स्मरण होत असताना वैद्यकीय साहाय्याकडेही एक दृष्टिक्षेप टाकणे उचित ठरेल. मुंबईत पोटाच्या विकारांसाठी दुर्बिणीचा वापर रुजला तोही याच अर्धशतकात. या दुर्बिणीचे कौतुक सर्वांना ठाऊक आहे; परंतु जिच्या आधारावाचून ही शस्त्रक्रिया रूढच झाली नसती, त्या भुलेचा इतिहास मात्र फारसा सांगितला जात नाही. तो सांगण्याचा हा अल्प प्रयत्न.

वेदनेवर पहिला विजय

सर जमशेटजी जीजीभॉय यांच्या दानातून उभे राहिलेले भायखळ्याचे जे. जे. रुग्णालय 1845 मध्ये सुरू झाले. त्या वेळी जगात कोठेही खात्रीची भूल उपलब्ध नव्हती. रुग्णाला धरून ठेवायचे आणि शक्य तितक्या लवकर शस्त्र चालवायचे, हीच रीत होती. दि. 16 ऑक्टोबर 1846 रोजी अमेरिकेतील बोस्टन येथे विल्यम मॉर्टन यांनी ईथरची भूल जाहीरपणे देऊन दाखविली. ही विद्या अवघ्या पाच महिन्यांत हिंदुस्थानात आली आणि 22 मार्च 1847 रोजी कलकत्त्यात पहिली ईथरची भूल दिली गेली. त्याच वर्षी एडिंबरो येथे जेम्स सिम्प्सन यांनी क्लोरोफॉर्मचा वापर सुरू केला. 1898 मध्ये जर्मनीत ऑगस्ट बिअर यांनी पाठीच्या कण्यात औषध सोडून शरीराचा खालचा भाग बधिर करण्याची पद्धत दाखविली. आज ज्याला आपण ‘कमरेतले इंजेक्शन’ म्हणतो ते हेच.

पुढे 1942 मध्ये कॅनडात हॅरल्ड ग्रिफिथ यांनी क्युरारे हे द्रव्य शस्त्रक्रियेत वापरले. दक्षिण अमेरिकेतील आदिवासी शिकारीसाठी बाणाच्या टोकाला हे विष लावीत असत. जीव घेणारे द्रव्य स्नायू शिथिल करून जीव वाचविण्याच्या कामी आले, हे अहिंसाधर्मीयांना विशेष चिंतनीय वाटावे. 1947 मध्ये भारतीय भूलतज्ज्ञांची अखिल भारतीय संघटना मुंबईतच स्थापन झाली.

जे. जे. रुग्णालयातील दोन तारखा

डॉ. तेहेम्टन उडवाडिया यांनी 1972 मध्ये जे. जे. रुग्णालयात पोटात दुर्बीण घालून रोगनिदान करण्यास प्रारंभ केला. त्या काळी सीटी स्कॅन नव्हता. पोटातील क्षय, यकृताचे विकार किंवा कर्करोग ओळखण्यासाठी पोट उघडावे लागे. केवळ पाहण्याचे काम असल्याने दुर्बीण घालण्याच्या जागेपुरती स्थानिक भूल पुष्कळदा पुरेशी होत असे. त्याच दशकापासून दुर्बिणीद्वारे होणाऱ्या कुटुंबनियोजन शस्त्रक्रियाही देशभर बहुधा स्थानिक भुलेवर आणि गुंगीच्या औषधावर होऊ लागल्या.

दि. 31 मे 1990 रोजी डॉ. उडवाडिया यांनी जे. जे. रुग्णालयातच दुर्बिणीने पित्ताशय काढण्याची भारतातील पहिली शस्त्रक्रिया केली. जर्मनीत एरिख म्यूहे यांनी अशी शस्त्रक्रिया 1985 मध्ये केली होती. म्हणजे मुंबई जगाच्या केवळ पाच वर्षे मागे होती. 2006 मध्ये पद्मश्री आणि 2017 मध्ये पद्मभूषण मिळालेल्या या शल्यविशारदांचे 2023 मध्ये निधन झाले.

1990 पूर्वी घाटकोपर, मुलुंड, अंधेरी, बोरिवली येथील रुग्णाच्या पित्ताशयात खडे निघाले, तर बरगडीखाली मोठा छेद, आठवडाभर रुग्णालयवास आणि कित्येक आठवडे विश्रांती ठरलेली असे. त्या दशकात ही नवी पद्धत हळूहळू उपनगरांतील रुग्णालयांत आणि नर्सिंग होममध्ये पोहोचली. दुर्बिणीबरोबर भूलतज्ज्ञही आले. एका दिवसात तीन-चार नर्सिंग होममध्ये जाऊन भूल देणारे हे डॉक्टर रुग्णाच्या स्मरणात क्वचितच राहतात, कारण त्यांचे काम सुरू होताच रुग्णाचे डोळे मिटतात.

छिद्र लहान, भूल मात्र मोठी

‘चार बारीक छिद्रांचे ऑपरेशन, मग पूर्ण भूल कशाला?’ हा प्रश्न आपल्या घरांतून नेहमी विचारला जातो. याचे उत्तर पोटात भरल्या जाणाऱ्या वायूत आहे. आतील अवयव दिसावेत म्हणून पोट कार्बन डायऑक्साइडने फुगवितात. हा वायू पेट घेत नाही आणि रक्तात विरघळून श्वासावाटे बाहेर पडतो, म्हणून त्याची निवड झाली. त्याचा दाब साधारणतः 12 ते 15 मिलिमीटर पारा इतका ठेवतात. त्यामुळे श्वासपटल वर ढकलले जाते, फुप्फुसांना जागा कमी पडते आणि रक्तातील कार्बन डायऑक्साइड वाढू लागतो. म्हणून स्नायू शिथिल करून, श्वासनलिकेत नळी घालून, यंत्राद्वारे श्वास देणे हीच आजही सर्वाधिक प्रचलित पद्धत आहे. बाहेर पडणाऱ्या श्वासातील कार्बन डायऑक्साइड मोजणारे कॅप्नोग्राफ यंत्र येथे भूलतज्ज्ञाचा तिसरा डोळा ठरते.

कमरेतल्या इंजेक्शनचा पर्यायही मागे पडलेला नाही. झाशीच्या वैद्यकीय महाविद्यालयातील शल्यविशारदांनी या भुलेवर केलेल्या चार हजारांहून अधिक दुर्बीण-शस्त्रक्रियांचा अनुभव 2008 मध्ये प्रसिद्ध केला. या पद्धतीत रुग्ण शुद्धीवर राहतो, शस्त्रक्रियेनंतर काही काळ वेदना कमी जाणवतात. मात्र रक्तदाब उतरू शकतो, वायूच्या दाबाने खांदा दुखू शकतो, आणि प्रसंगी मध्येच पूर्ण भूल द्यावी लागते. म्हणून तिची सर्व तयारी असलीच पाहिजे. निव्वळ स्थानिक भूल पित्ताशयासारख्या शस्त्रक्रियेस पुरेशी होत नाही.

आपल्या आचारांशी येणारा संबंध

जैन कुटुंबांनी येथे तीन गोष्टी विशेष ध्यानात ठेवाव्यात.

पहिली चौविहाराची. भुलेपूर्वी पोट रिकामे हवे, हे सर्वमान्य आहे. परंतु सर्वसाधारण रुग्णाला हलक्या आहारानंतर सहा तास आणि साध्या पाण्यानंतर दोन तास थांबणे पुरेसे मानले जाते. सूर्यास्तानंतर पाणीही न घेणारी व्यक्ती सकाळी नऊच्या शस्त्रक्रियेपर्यंत चौदा तास निर्जल राहते. वृद्ध शरीरात, विशेषतः कमरेतली भूल देताना, याने रक्तदाब अधिक उतरू शकतो. तेव्हा चौविहार, अठ्ठाई किंवा वर्षीतप चालू असल्यास भूलतज्ज्ञांना आधीच सांगावे. ते शिरेतून द्रव देऊन किंवा शस्त्रक्रियेची वेळ बदलून मार्ग काढू शकतात.

दुसरी औषधांची. सध्या सर्वत्र वापरले जाणारे प्रोपोफॉल हे दुधासारखे पांढरे औषध सोयाबीनचे तेल आणि अंड्यातील लेसिथिन यांच्या मिश्रणात तयार केलेले असते. ज्यांना हे धर्मदृष्ट्या मान्य नाही त्यांनी ऐन टेबलावर संकोचात न पडता आदल्या दिवशी पर्यायाबद्दल विचारावे. थायोपेंटोनसारख्या जुन्या औषधात अंड्याचा अंश नसतो. तथापि रुग्णाच्या प्रकृतीनुसार भूलतज्ज्ञ जो निर्णय देतील तोच शिरोधार्य मानावा.

तिसरी शुद्धीची. नवकार मंत्राचे स्मरण करीत जागृत राहावे, अशी काही ज्येष्ठांची इच्छा असते. ही इच्छा सांगण्यात गैर काही नाही. मात्र हृदय, फुप्फुसे आणि शस्त्रक्रियेचा प्रकार पाहून ती पुरी करता येईल की नाही, हे भूलतज्ज्ञच ठरवू शकतात. म्हणूनच शस्त्रक्रियेपूर्वी त्यांची भेट होणे आवश्यक आहे. केवळ शल्यविशारदांचे नाव विचारून समाधान मानू नये. भूल कोण देणार, हेही विचारावे.

दानाची पुढील दिशा

घाटकोपरच्या राजावाडी रुग्णालयाला दात्यांची नावे आहेत, जे. जे. चा उल्लेख वर आलाच आहे. मुंबईची रुग्णसेवा दानावर उभी राहिली आणि उपनगरांतील आपल्या समाजाने त्यात आपला वाटा उचलला आहे. परंतु दान देताना दिसणाऱ्या वस्तूकडे मन ओढले जाते. दुर्बिणीवर नावाची पाटी लागते. कॅप्नोग्राफ, भूल देण्याचे आधुनिक यंत्र, शस्त्रक्रियेनंतर रुग्णावर लक्ष ठेवणारी खोली यांच्याकडे सहसा लक्ष जात नाही. वैद्यकीय साहाय्याच्या अर्जात भूलतज्ज्ञांचे मानधन हा खर्चही तितक्याच आस्थेने धरला जावा.

आपल्या शास्त्रांनी आहार, औषध, ज्ञान आणि अभय अशी चार दाने सांगितली आहेत. भूल हे औषधदान तर आहेच. पण शस्त्राच्या भयातून जीवाला सोडविणारी असल्याने ती अभयदानही आहे. ट्रस्टच्या पुढील पन्नास वर्षांत या दोन्ही दानांचा संगम अधिकाधिक रुग्णांपर्यंत पोहोचो, हीच जिनेश्वरचरणी प्रार्थना. जय जिनेंद्र!