वऱ्हाडांतील वंशावळी आणि आनुवंशिक रोग : बुलढाणा जिल्ह्याच्या निमित्तानें

वंशावळ या साधनाचा उपयोग आमच्या संशोधकांनीं आजपर्यंत मुख्यत्वेंकरून दोन कामीं केला. वतनाचा खरा धनी कोण हें ठरविणें हें एक, आणि जुन्या पत्रांतील व्यक्तींचा काल व नातें लावणें हें दुसरें. याच कागदाच्या दारीं आतां तिसरा याचक उभा आहे; तो म्हणजे वैद्य. मनुष्याचे कांहीं रोग बीजाबरोबर पिढ्यानुपिढ्या उतरतात. असा रोगी समोर आला म्हणजे आधुनिक वैद्य त्याला आईबाप, भावंडें, मामा, मावशी, आत्या, आजा, आजी यांची हकीकत विचारतो आणि ती एका पटावर मांडतो. पुरुषास चौकोन, स्त्रीस वर्तुळ, लग्नास आडवी रेघ, संततीस उभी. जो रोगी असेल त्याची आकृति काळी. हा पट म्हणजे वंशावळच होय. मात्र आमच्या दप्तरांतील वंशावळ त्याच्या हातीं दिली तर ती त्याच्या कितपत कामीं येईल, हें प्रस्तुत लेखांत बुलढाणा जिल्ह्यापुरतें पाहावयाचें आहे. जिल्हा मुद्दाम निवडला आहे. त्याच्या दक्षिणेस घाटावर सिंदखेड राजा आहे, आणि तेथील एका घराण्याची वंशावळ महाराष्ट्रांत सर्वांच्या परिचयाची आहे. उत्तरेस पूर्णेपलीकडे सातपुड्याच्या पायथ्याशीं जळगांव जामोद व संग्रामपूर हे तालुके आहेत, आणि तेथील अनेक कुळांची वंशावळ कागदावर कधीं उतरलीच नाहीं.

सिंदखेडचे लखुजी जाधवराव यांस दत्ताजी, अचलोजी, राघोजी व बहादुरजी असे पुत्र होते. इ. स. १६२९ च्या जुलैंत दौलताबादेस निजामशाही दरबारांत लखुजी, अचलोजी, राघोजी व नातू यशवंतराव यांची हत्या झाली, हें सर्वश्रुत आहे. लखुजींची समाधि सिंदखेडास आजहि उभी आहे. वंशावळींत पुत्रांच्या शाखा उतरत्या क्रमानें येतात. कन्या जिजाबाई हिचें नांव येतें तें पुत्राच्या पुण्याईनें. शिवाजी महाराज तिच्या पोटीं जन्मले नसते तर या कन्येचा मागमूस कागदावर कितपत उरला असता याची आम्हांस शंका आहे. लेक सासरीं गेली कीं माहेरच्या पटांतून ती नाहींशी होते, आणि सासरच्या पटांत तिच्या नवऱ्याच्या नांवाखालीं एकदम पुत्रांचींच नांवें लागतात. यांत कारकुनाचा दोष नाहीं. ज्या कागदाचा हेतु वतन, त्यांत वतनाचे वारस यावे हें योग्यच. परंतु ज्या हेतूनें कागद लिहिला त्या हेतूपलीकडचा प्रश्न त्याला विचारावयाचा असला, म्हणजे त्यांत काय नाहीं हें आधीं ओळखावें लागतें.

आतां शास्त्राची बाजू. मनुष्याच्या पेशींत गुणसूत्रांच्या २३ जोड्या असतात. प्रत्येक जोडींतील एक सूत्र बापाचें, एक आईचें. तेविसाव्या जोडींत स्त्रीस दोन एक्स असतात, पुरुषास एक एक्स व एक वाय. वाय हें बापाकडून मुलास बहुतांशीं जसेंच्या तसें जातें, मुलीस मुळींच जात नाहीं. म्हणजे आमची दप्तरी वंशावळ ही नेमकी या एका सूत्राची वंशावळ ठरते. आणि वैद्याच्या दृष्टीनें तेंच सूत्र सर्वांत दरिद्री, कारण त्यावर जनुकें फार थोडीं. याच्या उलट, मायटोकॉन्ड्रिया नांवाचे जे सूक्ष्म कण पेशींत असतात त्यांतील जनुकें केवळ आईकडून येतात. ही स्त्रियांची अखंड परंपरा होय, आणि ती आमच्या कोणत्याहि रुमालांत बांधलेली नाहीं. एक्सची गोष्ट तर अधिकच मनोरंजक आहे. बाप आपलें एक्स मुलास देत नाहीं, फक्त मुलीस देतो. लखुजींच्या चौघां पुत्रांपैकीं एकासहि जें मिळालें नाहीं तें जिजाबाईस मिळालें. शिवाजी महाराजांचें एकमेव एक्स जिजाबाईकडून आलेलें, म्हणजे लखुजी व म्हाळसाबाई यांच्या सूत्रांच्या सरमिसळीनें बनलेलें. भोसल्यांच्या पटांत याची एक रेघहि सांपडणार नाहीं.

सिंदखेडकर जाधव हे देवगिरीच्या यादवांचे वंशज, अशी परंपरा आहे. रक्ताची परीक्षा करून याचा निकाल लावावा अशी सूचना अलीकडे उत्साही मंडळींकडून ऐकूं येते. तिजविषयीं येथें दोन शब्द लिहिणें अवश्य वाटतें. यादवांचें राज्य चौदाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकांत बुडालें. तेथून लखुजींपर्यंत दहाबारा पिढ्या सहज होतात. प्रत्येक पिढीस पूर्वजाचा वांटा सरासरीनें निमा होतो. दहा पिढ्यांनीं तो १०२४ मध्यें एक इतका उरतो, आणि कित्येकदां अशा पूर्वजाचा एकहि तुकडा वंशजांत उतरत नाहीं. वाय सूत्र टिकेल खरें, पण तें ताडून पाहण्यास निःसंशय यादवाचे अवशेष हवे, आणि दहनाच्या चालीमुळें ते मिळण्याची आशा नाहीं. सबब हा प्रश्न पूर्वीप्रमाणेंच ताम्रपट, शिलालेख व सनदा यांनींच सुटावयाचा.

वैद्याचें काम याहून जवळच्या पिढ्यांशीं असतें. एक उदाहरण घेऊं. हिमोफिलिया या रोगांत रक्त नीट गोठत नाहीं, रक्तस्राव लांबत जातो. याचें सदोष जनुक एक्स सूत्रावर असतें. दोन एक्स असल्यामुळें स्त्री बहुधा निरोगी राहते, परंतु असें जनुक बाळगणाऱ्या स्त्रीच्या प्रत्येक पुत्रास रोग होण्याचा संभव निम्मा असतो. इंग्लंडच्या व्हिक्टोरिया राणीच्या लेकीनातींमार्फत हा रोग रशियाच्या राजकुलांत गेला. झारच्या कुटुंबाच्या अस्थींवरून त्याचा नेमका प्रकार २००९ सालीं निश्चित झाला. तो माग काढतां आला याचें कारण असें कीं यूरोपच्या राजघराण्यांनीं लेकींच्या शाखा टिपून ठेवल्या होत्या. आमच्या वंशावळींत एखाद्या घरचे दोन तीन मुलगे ‘अल्पायुषी’ किंवा ‘निपुत्रिक’ म्हणून नोंदलेले आढळतात, तेव्हां कारण त्या पानावर नसतेंच. तें असलें तर त्यांच्या आईच्या माहेरीं.

ही दृष्टि आमच्या शास्त्रकारांस अपरिचित होती असें कोणी म्हणूं नये. चरकाच्या शारीरस्थानांत बीज, बीजभाग व बीजभागावयव असा सूक्ष्म भेद केला असून, बीजाचा जो भाग दुष्ट होतो त्यापासून होणारा अवयव विकृत होतो असें प्रतिपादन आहे. सुश्रुतानें शुक्रशोणिताच्या दोषानें होणाऱ्या रोगांस आदिबलप्रवृत्त हें नांव देऊन त्यांचे मातृज व पितृज असे दोन भेद सांगितले. चरकाच्या बीजभागांत आजचें जनुक शोधणें हा अतिप्रसंग होईल. परंतु रोग दोन्हीं बाजूंनीं येतो हें त्यांनीं जाणलें होतें यांत संशय नाहीं. धर्मशास्त्राचेंहि तसेंच. विवाहापूर्वीं बापाकडून सात व आईकडून पांच पिढ्या वर्ज्य कराव्या असें याज्ञवल्क्य सांगतो. आईकडील पांच पिढ्या मोजावयाच्या तर त्या कोठें तरी लिहिलेल्या हव्या! व्यवहारांत त्या आज्यांच्या तोंडीं राहिल्या, आणि आज्यांबरोबर गेल्या. शिवाय दक्षिणेंत मामाची मुलगी करण्याची चाल असल्यामुळें हा नियम पुष्कळ ठिकाणीं नांवापुरताच उरला. निबंधकारांनीं या मातुलकन्यापरिणयावर किती शाई खर्च केली तें पोथ्यांच्या संग्राहकांस सांगावयास नको. अशा विवाहाच्या संततींत सरासरीनें सोळांत एक जनुकस्थान असें असतें कीं तेथील दोन्ही प्रती एकाच पूर्वजाच्या. जीं सदोष जनुकें दोन्हींकडून आल्यावांचून रोग उत्पन्न करीत नाहींत, त्यांची गांठ पडण्याचा संभव त्यामुळें वाढतो.

असाच दुहेरी योग मुंबईच्या वैद्यांनीं एका निराळ्या प्रकरणांत उजेडांत आणला. १९५२ सालीं भेंडे, देशपांडे व भाटिया यांनीं इंग्लंडमधील सहकाऱ्यांसह एका नव्या रक्तगटाचें वर्णन प्रसिद्ध केलें. जगांत तो ‘बाँबे’ रक्तगट याच नांवानें ओळखला जातो. या गटाच्या मनुष्यास नेहमींच्या चार गटांपैकीं कोणाचेंहि रक्त चालत नाहीं, अगदीं ‘ओ’ गटाचेंहि नाहीं. प्रसंग पडला म्हणजे प्रथम त्याचीं सख्खीं भावंडें शोधतात, कारण आईबाप केवळ वाहक असले तर प्रत्येक भावंड त्याच गटाचें निघण्याचा संभव चारांत एक असतो. येथें वंशावळीनें मनुष्य वांचतो.

पूर्णेच्या उत्तरेस गेलें म्हणजे प्रश्नाचें रूपच पालटतें. जळगांव जामोदच्या डोंगरपट्ट्यांत कोरकू, भिल्ल व निहाल लोक राहतात. निहालांची भाषा कोणत्याहि ज्ञात भाषाकुलांत बसत नाहीं म्हणून भाषापंडितांत तिची ख्याति आहे. भाषा वेगळी म्हणून रक्तहि वेगळें, असा निष्कर्ष मात्र कोणी काढूं नये. सातपुड्याच्या जमातींत आणि विदर्भाच्या कांहीं अन्य समाजांत सिकलसेल हा रोग आढळतो. रक्तांतील हिमोग्लोबिनच्या बीटा साखळींत सहाव्या स्थानीं ग्लुटामिक आम्लाच्या जागीं व्हॅलीन आलें, एवढाच मूळ फरक. पण त्यानें तांबड्या पेशी विळ्यासारख्या वांकतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात, असह्य वेदना होतात आणि मूल पांढरें पडतें. हिंदुस्थानांत याचा प्रथम उल्लेख १९५२ सालचा, निलगिरींतील जमातींविषयीं. नागपूरहून शुक्ल व सोळंकी यांनीं मध्य हिंदुस्थानांतील वृत्तांत १९५८ त प्रसिद्ध केला. हा दोष आफ्रिकेंतून आला असावा असा पूर्वीं तर्क होता. जनुकाच्या शेजारच्या खुणा तपासल्यावर तो आशियांत स्वतंत्रपणें उद्भवला असें १९८६ सालीं दाखविण्यांत आलें. एकच सदोष प्रत ज्यास मिळाली त्यास रोग होत नाहीं, उलट घातक हिंवतापापासून त्याचें कांहींसें रक्षण होतें. हिंवतापाच्या जंगलांत हें जनुक टिकलें तें यामुळें. दोन वाहकांचा विवाह झाला तर मात्र प्रत्येक खेपेस रोगी मूल होण्याचा संभव चारांत एक.

या लोकांची वंशावळ कागदावर नाहीं, पण मुळींच नाहीं असेंहि नव्हे. कोरकू लोक मृतांच्या नांवानें कोरीव लाकडी फलक उभारतात. त्यास मुंडा म्हणतात. शिलालेखांचे ठसे घेणाऱ्यांनीं या लाकडांकडेहि एकवार पाहावें. आणि आतां एक नवा कागद त्या झोंपड्यांत येऊं लागला आहे. १ जुलै २०२३ रोजीं मध्यप्रदेशांत शहडोल येथें सिकलसेल निर्मूलनाची राष्ट्रीय मोहीम सुरू झाली. २०४७ पर्यंत रोग हटविण्याचा तिचा संकल्प आहे. रक्त तपासलेल्या मनुष्यास एक कार्ड मिळतें, आणि लग्नापूर्वीं वधूवरांचीं कार्डें ताडून पाहावीं असा उपदेश केला जातो. या कार्डांत स्त्रीची नोंद पुरुषाइतकीच पुरी असते, ही गोष्ट आमच्या देशमुखी दप्तरांस साधलेली नाहीं. मात्र कार्डाचा दुरुपयोगहि संभवतो : वाहक मुलगी निरोगी असतांना तिला दोष लावून लग्न मोडणें सोपें, आणि मुलाचें कार्ड न विचारणें त्याहून सोपें.

दप्तरी वंशावळ वैद्याच्या हातीं देतांना आणखी एक सावधगिरी हवी. दत्तक पुत्र तेथें औरसाच्याच रांगेंत बसतो. तो भाऊबंदांतील असला तर वाय सूत्र तेंच राहतें. लेकीचा मुलगा दत्तक घेतला तर पुरुषपरंपरा तेथें तुटते, कागदावर मात्र अखंड दिसते. वतनाच्या तंट्यांत रचलेल्या बनावट वंशावळींचा प्रकार तर निराळाच. त्या ओळखण्याच्या खुणा या त्रैमासिकाच्या वाचकांस ठाऊक आहेतच.

बुलढाणा, चिखली, मेहकर, सिंदखेड, मलकापूर या भागांत देशमुख, देशपांडे, पाटील, कुलकर्णी यांच्या घरीं ज्या वंशावळी असतील, त्यांच्या नकला घेतांना संग्राहकांनीं समासांतील बारीक अक्षर गाळूं नये. ‘अंध’, ‘मुका’, ‘बाळपणीं वारला’ असल्या टिपा आजवर निरुपयोगी म्हणून सुटत आल्या. लग्नाच्या याद्या, आहेराचे हिशेब, लेकीच्या पाठवणीचीं पत्रें, तीर्थोपाध्यायांच्या वह्या यांत स्त्रियांचीं माहेरें व सासरें सांपडतात. तीं मूळ पटाशीं जोडून घ्यावीं, आणि मुलीच्या नांवापुढें सासरचें आडनांव व गांव द्यावें. छापतांना मात्र हयात मंडळींच्या व त्यांच्या लगतच्या तीन पिढ्यांच्या रोगांच्या नोंदी प्रसिद्ध करूं नयेत. त्या बंद पाकिटांत घालून मूळ प्रतीबरोबर ठेवाव्या, आणि घरच्या माणसांच्या लेखी संमतीवांचून कोणासहि, वैद्यासहि, दाखवूं नयेत.