गोठ्याची जागा आणि क्रॉफर्ड मार्केट

शहाडच्या आमच्या घरात माळ्यावर एक पत्र्याची पेटी आहे. तिच्यात माझ्या चुलत आजोबांच्या दाव्याचे कागद आहेत. कल्याणच्या दिवाणी कोर्टातला 1971 चा दावा, ठाण्याच्या जिल्हा न्यायालयातलं अपील आणि मुंबई हायकोर्टातलं दुसरं अपील. भांडण चार गुंठ्यांचं. उल्हास नदीकडे उतरणाऱ्या वाटेवर आजोबांचा गोठा होता आणि जागा दुसऱ्याच्या नावावर. मालकाच्या वारसांनी ताबा मागितला. आजोबा म्हणाले, तीस वर्षं आमचीच वहिवाट आहे, आता जागा आमची. कायद्यात याला प्रतिकूल कब्जा म्हणतात. कल्याणला ते जिंकले, ठाण्याला हरले. का हरले ते समजून घ्यायला मला बरंच मागे जावं लागलं.

वहिवाटीने मालकी जाते का, हा प्रश्न काही इंग्रजांनी आणलेला नाही. याज्ञवल्क्यस्मृतीनुसार मालक पाहत असून गप्प बसला आणि दुसऱ्याने वीस वर्षं जमीन उपभोगली, तर मालकाची हानी होते. ही हानी कशाची, याचा मिताक्षरेत विज्ञानेश्वराने कीस काढला आहे. त्याच्या मते जातं ते उत्पन्न, जमीन नव्हे. विज्ञानेश्वरही कल्याणचाच, पण ते चालुक्यांचं कल्याण, आजचं बसवकल्याण. आमच्या कल्याणात त्याचं मत कुणी विचारलं नसावं.

मुंबई इलाख्यात 1827 च्या पाचव्या रेग्युलेशनने मालकीच्या नात्याने 30 वर्षांहून अधिक चाललेला अखंड कब्जा हा हक्काचा पुरेसा पुरावा मानला. 1859 च्या मुदतीच्या कायद्याने स्थावराच्या दाव्याला 12 वर्षांची मुदत घातली. खाजगी जमिनीपुरता तो आकडा आजही कायम आहे. सरकारी जमिनीला 60 वर्षं लागत, ती 1963 च्या कायद्याने 30 केली. त्याच कायद्याने आणखी एक गोष्ट बदलली, तिच्याकडे फारसं लक्ष जात नाही. पूर्वी कब्जातून निघालेल्या मालकाला गेल्या बारा वर्षांत आपला कब्जा होता हे दाखवावं लागे. आता त्याने मालकी सिद्ध केली की पुरे. आपला कब्जा प्रतिकूल कधी झाला, तो दिवस कब्जेदाराने दाखवायचा.

आजोबांचं घोडं इथेच अडलं. त्यांच्या कैफियतीच्या दुसऱ्या परिच्छेदात लिहिलं आहे की 1941 साली मूळ मालकांनी गुरं बांधायला जागा दिली. सहाव्या परिच्छेदात ‘मालकी नात्याने उघड वहिवाट’ येते. ठाण्याच्या न्यायाधीशांनी हे दोन परिच्छेद शेजारी ठेवले. परवानगीने आत आलेला माणूस कितीही वर्षं राहिला तरी परवानगीनेच राहतो. उलटला असेल तर कधी, हे त्याने सांगायला हवं. आजोबांना ते सांगता आलं नाही. मला वाटतं, ते कधी उलटलेच नव्हते. ज्याने जागा दिली त्याचं नाव घेणं त्यांना साधं सौजन्य वाटलं असणार.

आता याच्या शेजारी मुंबईचा एक खटला ठेवून पाहू. 1865 मध्ये सरकारने रस्त्यासाठी नगरपालिकेला जुने बाजार हलवायला सांगितले आणि बदल्यात दुसरी जागा दिली. बाजार लोकांच्याच हिताचा, म्हणून भाडं नको, असा ठराव केला; रीतसर दस्त मात्र झाला नाही. त्या जागेवर क्रॉफर्ड मार्केट, आजची महात्मा ज्योतिबा फुले मंडई, उभं राहिलं. पालिकेने 17 लाख रुपये घातले. 1940 मध्ये कलेक्टरने सारा लावला: 7,500 रुपयांपासून वाढत पन्नास वर्षांत 30,000. हायकोर्टात पालिका जिंकली. कलेक्टरच्या अपिलावर 1951 मध्ये सुप्रीम कोर्टाचा निकाल आला. न्या. दास यांनी म्हटलं, दान कायद्याने पोकळ होतं, म्हणूनच सत्तर वर्षांचा उघड कब्जा सरकारविरुद्ध चालला. पालिकेला बिनभाड्याने कायम राहण्याचा हक्क मिळाला. न्या. पतंजली शास्त्री यांचं मत वेगळं पडलं. म्हणजे जागा दोघांनाही दिलेलीच होती. पालिका आपल्याला मिळालेल्या हक्काने बसली, हक्काचा कागद तेवढा फसला. आजोबा दुसऱ्याच्या मर्जीने बसले.

हायकोर्टातल्या अपिलाची कहाणी छोटी आहे. 1976 च्या दुरुस्तीनंतर दुसऱ्या अपिलाला कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न लागतो. आजोबांनी 1979 मध्ये अपील केलं; परवानगी होती की नव्हती ही वस्तुस्थिती, ती ठाण्यातच ठरलेली. निकाल दीड पानाचा आहे.

2008 मध्ये हेमाजी वाघाजी जाट प्रकरणात सुप्रीम कोर्टाने हा कायदाच तर्कहीन ठरवून सरकारला फेरविचार करायला सांगितलं. 2019 मध्ये रविंदर कौर ग्रेवाल प्रकरणात तीन न्यायाधीशांनी उलट कब्जेदाराला स्वतः दावा लावण्याची मुभा दिली. तोवर ही फक्त बचावाची ढाल मानली जाई. 2023 मध्ये विधी आयोगाने बदलाची गरज नाही असं कळवलं. मला 2008 चा राग समजतो, पण पटत नाही. मालकाने तीस वर्षं वळून पाहिलं नाही, याचंही काही मोल असायला हवं.

पेटीच्या तळाशी बेलिफाने केलेली कब्जेपावती आहे. तिच्यात गोठ्याचं वर्णन असं: कुडाच्या भिंती, वर कौलं, आत खुंटे तीन. खाली आजोबांची सही आहे, आणि साक्षीदार म्हणून मालकाच्या धाकट्या मुलाची.