कंबरेच्या वरचा एल्व्हिस

‘मिड शॉट’ माणसाला कंबरेशी कापतो. बातम्या वाचणाऱ्याचं त्यात काही बिघडत नाही. टेबलाखालचे पाय कुणाला बघायचेत? पण १९५७च्या जानेवारीत अमेरिकेत हीच चौकट एका गायकावर पहारा म्हणून बसवली गेली.

तिचं मूळ सापडतं गिटारपाशी. २८ जानेवारी १९५६ला एल्व्हिस प्रेस्ली सीबीएस या टीव्ही वाहिनीच्या ‘स्टेज शो’मधून पहिल्यांदा देशभर दिसला, तेव्हा गिटार गळ्यात होती. पाय तेव्हाही थरथरत होतेच, पण पुढ्यात लाकडाचा आडोसा होता. ५ जूनला मिल्टन बर्लच्या कार्यक्रमात तो ‘हाउंड डॉग’ गायला गिटारशिवाय, नुसता माइकचा दांडा धरून. शेवटी त्याने लय एकदम निम्म्यावर आणली आणि एकेका ठोक्यावर कंबर सोडली. जलद लयीत निसटून गेलं असतं ते आता सावकाश दिसलं. पेपरवाल्यांनी सडकून काढलं.

१ जुलैला स्टीव्ह ॲलनने आपल्या टीव्ही कार्यक्रमात त्याला टेलकोट चढवला आणि समोर बसवलेल्या खऱ्याखुऱ्या बॅसेट हाउंडला उद्देशून तेच गाणं म्हणायला लावलं. मला विचाराल तर कात्री परवडली, ही थट्टा नको. मात्र त्या रात्री ॲलनने प्रेक्षकसंख्येत प्रतिस्पर्धी कार्यक्रमाच्या एड सलिव्हनला मागे टाकलं. या पोराला आपल्याकडे आणणार नाही म्हणणाऱ्या सलिव्हनने मग तीन कार्यक्रमांचे ५०,००० डॉलर मोजले.

पहिला ९ सप्टेंबरला झाला. सलिव्हन मोटार अपघातातून सावरत होता, म्हणून निवेदनाला नट चार्ल्स लॉटन. सुमारे ६ कोटी लोकांनी तो पाहिला. एल्व्हिस रंगात आला, की कॅमेरा हळूच चेहऱ्याकडे सरके. चौकट तिथेच रांगू लागली होती.

६ जानेवारी १९५७च्या तिसऱ्या खेपेला ती कंबरेखाली उतरलीच नाही. खांदा जरा उडाला की स्टुडिओतल्या मुली किंचाळत, आणि घरात बसलेल्याला कळे की खाली काहीतरी घडलं. झाकायचं ते कानांवाटे घरात शिरत होतं. शेवटचं गाणं होतं ‘पीस इन द व्हॅली’, चक्क भक्तिगीत. त्यात कंबर कशाला हलतेय? तरी पहारा उठला नाही. गाणं संपल्यावर हा मोठा सभ्य मुलगा आहे, असं प्रशस्तिपत्रक दिलं ते खुद्द सलिव्हननेच.