हरलेल्या गीताची कथा

गायनस्पर्धेत हरलेली आमच्या धर्मग्रामातील मुले खिन्न होऊन परततात, तेव्हा आम्ही त्यांना पोर्तुगालची कथा सांगतो. १५३४ ते १७३९ या काळात आपल्या वसईवर राज्य करणारा हाच तो देश. दूरचित्रवाणीवरील ‘युरोव्हिजन’ या आंतरराष्ट्रीय गीतस्पर्धेत तो १९६४ साली प्रथम उतरला. गीताच्या नावाचा अर्थ होता ‘प्रार्थना’; गुण मिळाले शून्य!

६ एप्रिल १९७४ रोजी इंग्लंडमधील ब्रायटन येथे पाउलो द कार्व्हाल्यो यांनी निरोपाचे गीत गायिले. अवघे ३ गुण मिळून ते अखेरच्या चौघांत राहिले. परंतु २४ एप्रिलच्या रात्री लिस्बनच्या नभोवाणीवर तेच गीत लागले. बंडास सिद्ध झालेल्या सैनिकांसाठी ती ठरलेली खूण होती. दुसऱ्याच दिवशी ४८ वर्षांची हुकूमशाही कोसळली. भारताने १९६१ साली मुक्त केलेल्या गोव्यावरील आपला हक्क त्या राजवटीने कधीच सोडला नव्हता. नव्या सरकारने मात्र ३१ डिसेंबर १९७४ च्या कराराने तेथील भारताचे सार्वभौमत्व मान्य केले.

पुढे २०१७ साली साल्व्हादोर सोब्राल यांनी पोर्तुगालला पहिले विजेतेपद मिळवून दिले. तथापि त्या देशाचा इतिहास पालटला, तो हरलेल्या गीताच्या साक्षीने.