मुदतीची किंमत : बेंगळुरूतील गृहकर्जाचा इतिहास

घर गहाण ठेवून पैसा उभा करण्याचा व्यवहार दक्षिणेत बँकांच्या कितीतरी आधीपासून चालत आला आहे. चालुक्य राजा सहावा विक्रमादित्य याच्या काळात कल्याण येथे, म्हणजे आजच्या बिदर जिल्ह्यातील बसवकल्याणला, विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर 'मिताक्षरा' ही टीका लिहिली. तिच्यात ऋणादानाच्या प्रकरणात गहाणाचे दोन ठळक प्रकार येतात. एकात वस्तू धनकोकडे नुसती राखून ठेवायची असते. दुसऱ्यात धनको ती वापरतो, आणि त्या वापरातच त्याचे व्याज फिटते. पहिल्या प्रकारात कर्ज व्याजासह दुप्पट झाले आणि तरी सोडवणूक झाली नाही, तर गहाण बुडते. वापराचे गहाण मात्र बुडत नाही, मुद्दल परत केले की मालकाला त्याची वस्तू मिळते.

याच परंपरेतला दामदुपटीचा नियम मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी इंग्रजी अमलातही मानला. थकलेले व्याज कधीही शिल्लक मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येणार नाही, एवढाच त्याचा आशय होता. वेळोवेळी भरलेले व्याज त्यात धरले जात नसे. म्हणून तो एकूण खर्चावरचा लगाम नव्हता, थकबाकीवरचा होता. तरीही कर्जाची किंमत काळाबरोबर कुठपर्यंत वाढू द्यायची याला एक भिंत असावी, हा विचार त्यात स्पष्ट होता. 1875 मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथून दख्खनचे दंगे सुरू झाले, शेतकऱ्यांनी सावकारांचे कागद जाळले, आणि 1879 च्या दख्खन शेतकरी कायद्याने न्यायालयांना कर्जरोख्याच्या मागचा खरा हिशेब तपासण्याचा अधिकार दिला. स्वतंत्र भारतात याच्या उलट पाऊल पडले. 1984 मध्ये बँकिंग नियमन कायद्यात कलम 21-अ आले आणि बँकेचा व्याजदर भरमसाट आहे, एवढ्या कारणावरून न्यायालयाने खाते पुन्हा उघडून पाहण्याची वाट बंद झाली.

1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 58 मध्ये गहाणाचे सहा प्रकार आहेत. नजरगहाण, मुदत खरेदी आणि ताबेगहाण हे मराठी कागदपत्रांतूनही परिचयाचे आहेत. यातल्या ताबेगहाणाची पद्धत बेंगळुरूत आजही जिवंत आहे. चामराजपेट, श्रीनगर, राजाजीनगर अशा जुन्या वस्त्यांत भाडेकरू मालकाला काही लाख रुपये एकरकमी देतो, दोन-तीन वर्षे बिनभाड्याने राहतो आणि घर सोडताना मूळ रक्कम परत घेतो. कन्नडमध्ये याला भोग्य म्हणतात, रोजच्या बोलण्यात 'लीज'. मालकाला कर्ज मिळते, त्याचे व्याज भाड्याच्या रूपाने फिटते. शंभर रुपयांवरच्या गहाणाला नोंदणीकृत दस्त लागतो, पण यातले पुष्कळ व्यवहार नुसत्या मुद्रांक कागदावर होतात. तेच घर आधी बँकेकडे गहाण असेल आणि मालकाचे हप्ते थकले, तर 2002 च्या सरफेसी कायद्याखाली बँक ताबा घ्यायला येते आणि रहिवाशाची आयुष्यभराची पुंजी अडकते. हा धोका असूनही या पद्धतीचा एक गुण नाकारता येत नाही. कर्जाची किंमत दोन्ही बाजूंना पहिल्या दिवशी कळते : इतकी वर्षे, इतके भाडे.

शहराबाहेर नवे घर बांधण्यासाठी कर्ज ही गरज विसाव्या शतकाच्या तोंडावर निर्माण झाली. 1898 मध्ये बेंगळुरूत प्लेग आला, दाटीवाटीच्या पेठांतून लोक बाहेर पडले आणि मल्लेश्वरम व बसवनगुडी या आखीव वसाहती उभ्या राहिल्या. म्हैसूर संस्थानाने 1905 मध्ये सहकारी संस्थांचा कायदा केला होता. त्याखाली 1909 मध्ये स्थापन झालेली बंगलोर बिल्डिंग को-ऑपरेटिव्ह सोसायटी ही देशातील पहिली गृहनिर्माण सहकारी संस्था मानली जाते. मुंबईत गावदेवीला सारस्वत को-ऑपरेटिव्ह हाउसिंग सोसायटी निघाली ती त्यानंतर, 1915 मध्ये.

स्वातंत्र्यानंतर हिंदुस्थान एरोनॉटिक्स, आयटीआय, एचएमटी, भारत इलेक्ट्रॉनिक्स या कारखान्यांनी शहरात पगारदार वर्ग आणला. भूखंड आधी शहर सुधारणा मंडळाकडून आणि 1976 नंतर बेंगळुरू विकास प्राधिकरणाकडून मिळत. ताबा आधी भाडेपट्टा-नि-विक्रीच्या करारावर दिला जाई आणि पूर्ण खरेदीखत सहसा दहा वर्षांनी होई. घर बांधायला पैसा यायचा तो भविष्यनिर्वाह निधीतून, आयुर्विमा महामंडळाकडून, सहकारी संस्थेकडून किंवा सरकारी नोकर असल्यास घरबांधणी अग्रिमातून.

केंद्र सरकारच्या या अग्रिमाची रचना बारकाईने पाहण्यासारखी आहे, कारण कर्जाची खरी किंमत नुसत्या दरावर ठरत नाही हे तिच्यातून कळते. आधी मुद्दल जास्तीत जास्त 180 हप्त्यांत फेडायचे, मग साठलेले व्याज जास्तीत जास्त 60 हप्त्यांत. व्याज सरळ, घटत्या मुद्दलावरचे. व्याजावर व्याज नाही. 2017 च्या नियमांत कमाल रक्कम 25 लाख आणि दर साडेआठ टक्के होता. या हिशेबाने 25 लाखांवर एकूण व्याज सुमारे 16 लाख होते. तेवढीच रक्कम, तोच साडेआठ टक्के दर आणि तीच एकूण 20 वर्षे धरून बँकेच्या समान मासिक हप्त्याने फेड केली, तर व्याज सुमारे 27 लाखांवर जाते. फरक 11 लाखांचा, आणि तो सगळा परतफेडीच्या क्रमातून व व्याज आकारण्याच्या रीतीतून आलेला.

समान मासिक हप्ता मध्यमवर्गाच्या अंगवळणी पडला तो 1977 नंतर. त्या वर्षी ह. ठा. पारेख यांनी मुंबईत एचडीएफसी स्थापन केली. बेंगळुरूत मुख्यालय असलेली, कॅनरा बँकेने पुढाकार घेऊन काढलेली कॅन फिन होम्स 1987 ची, आणि राष्ट्रीय गृहनिर्माण बँक 1988 ची. सावकाराचे दार बंद करून सामान्य नोकरदाराला तिशीतच घर मिळवून देणे, हे या संस्थांचे मोठे काम आहे. पण हप्त्याने खर्चाचा आकडा नजरेआड केला, हेही तितकेच खरे.

आजच्या एका नेहमीच्या कर्जाचा हिशेब घेऊ. 50 लाख रुपये, साडेआठ टक्के, 20 वर्षे. हप्ता 43,391 रुपये. पहिल्या महिन्यात त्यातले 35,417 रुपये व्याजाचे आणि मुद्दलात जमा फक्त 7,974. निम्मे मुद्दल फिटायला 13 वर्षे 10 महिने लागतात. 20 वर्षांत भरणा 1 कोटी 4 लाखांच्या वर जातो, म्हणजे व्याज 54 लाख. हप्ता जड वाटतो म्हणून मुदत 30 वर्षे केली, तर तो 38,446 होतो. महिन्याला जेमतेम पाच हजार वाचतात आणि व्याज 88 लाखांवर जाते. पाच हजारांच्या सवलतीची किंमत 34 लाख आहे, हे कर्ज देताना समोर बसलेल्या माणसाने सांगायला हवे. बहुतेकदा तो हप्त्याचा आकडा सांगून थांबतो.

अर्थात वीस वर्षांत विखुरलेले रुपये एकसारखे नसतात. महागाई वर्षाला पाच टक्के धरली, तर शेवटच्या 43,391 रुपयांच्या हप्त्याचे मोल आजच्या सुमारे 16,350 रुपयांइतके राहते. वाचलेले भाडेही हिशेबात धरावे लागते. 1990 च्या दशकात दर 15 टक्क्यांच्या आसपास असताना लाखामागे 15 वर्षांत दीड लाखाहून अधिक व्याज जात असे, तरी वाढत्या पगाराने त्या पिढीचे ओझे हलके केले. पगार वाढत राहील या भरवशावर हे गणित उभे असते, आणि तो भरवसा कागदावर कुठेही लिहिलेला नसतो.

त्या काळी आणखी एक गोष्ट फारशी कुणाच्या लक्षात येत नसे. हप्ता दरमहा भरला जाई, पण अनेक गृहवित्त संस्था मुद्दल वर्षाच्या अखेरीस एकदाच कमी करत. जानेवारीत फेडलेल्या पैशावर डिसेंबरपर्यंत व्याज चालू राही. 15 टक्के दराच्या, 15 वर्षांच्या एक लाखाच्या कर्जाचा हप्ता मासिक घटीने सुमारे 1,400 रुपये येतो, वार्षिक घटीने 1,425. महिन्याचे हे पंचवीस रुपये 15 वर्षांत साडेचार हजारांच्या वर जातात. जाहिरातीत दोन्हींचा दर एकच छापलेला असे.

पुण्यात सुरू झालेली इन्फोसिस 1983 मध्ये बेंगळुरूला गेली. पुढच्या दोन दशकांत संगणक उद्योगाने शहराचा कायापालट केला आणि 2000 नंतर बदलत्या दराचे कर्ज सर्रास झाले. दर खाली आले की जुन्या कर्जदाराला त्याचा फायदा मिळायला हवा. प्रत्यक्षात नव्या ग्राहकाला स्वस्त कर्ज आणि जुन्याला तोच चढा दर, असे वर्षानुवर्षे चालले. रिझर्व्ह बँकेने मोजमापाची पद्धत पुन्हा पुन्हा बदलली : जुलै 2010 पासून बेस रेट, एप्रिल 2016 पासून एमसीएलआर. बँका या दरांची आकडेमोड मनमानीपणे करतात, असे जनक राज यांच्या अध्यक्षतेखालील अभ्यासगटाने 2017 मध्ये नोंदवले. अखेर ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराशी बांधली गेली. त्याआधी, जून 2012 मध्ये, बँकांना अशी कर्जे मुदतीआधी फेडल्यास दंड घेण्यास मनाई झाली होती. कर्जदाराच्या हिताचा हा सर्वांत मोठा निर्णय म्हणावा लागेल. वर आलेल्या 50 लाखांच्या कर्जात दरवर्षी एक जादा हप्ता भरला, तर ते साडेसोळा-पावणेसतरा वर्षांत फिटते आणि व्याजात सुमारे दहा लाख वाचतात.

बाहेरच्या दराशी बांधलेल्या कर्जाची कसोटी लवकरच लागली. मे 2022 मध्ये 4 टक्के असलेला रेपो दर फेब्रुवारी 2023 पर्यंत साडेसहा टक्के झाला. हप्ता वाढवला तर ग्राहक ओरडतो, म्हणून अनेक बँकांनी हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवली. 6.7 टक्क्यांनी, 20 वर्षांसाठी घेतलेल्या 50 लाखांच्या कर्जाचा हप्ता 37,870 रुपये. दीड वर्षाने 48 लाख 12 हजार शिल्लक असताना दर एकदम 9.2 टक्के झाला असे धरू. महिन्याचे व्याजच 36,892 होते आणि मुद्दलात हजार रुपयेही जात नाहीत. राहिलेली साडेअठरा वर्षे जवळजवळ चाळीस होतात, आणि त्याची खबर कर्जदाराला एका ओळीच्या संदेशाने मिळते किंवा तीही मिळत नाही. ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने बंधन घातले : दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, याची निवड कर्जदाराला द्यावी, आणि लांबवलेल्या मुदतीत हप्ता निदान व्याजाला तरी पुरावा.

व्हाइटफील्ड, सर्जापूर रस्ता, येलहंका या बाजूंच्या अपूर्ण इमारतींत किंमत आणखी एका वाटेने वाढते. इमारत पूर्ण होईपर्यंत उचललेल्या रकमेवर फक्त व्याज भरायचे, ज्याला बिल्डर आणि बँकवाले प्री-ईएमआय म्हणतात. पूर्ण 50 लाख उचलले गेले असतील आणि ताबा तीन वर्षे लांबला, तर साडेआठ टक्क्यांनी पावणेतेरा लाख भरूनही मुद्दल रुपयाने कमी होत नाही. वर राहत्या घराचे भाडे चालूच असते. कर्जासोबत गळ्यात मारलेल्या एकरकमी विम्याचेही तसेच. लाखाचा हप्ता कर्जात मिसळला की 20 वर्षांत तो दोन लाख आठ हजारांना पडतो.

महानगरपालिकेच्या 'बी' खात्यावर नोंदलेल्या मालमत्तांची गोष्ट तर बेंगळुरूचीच. आराखड्याबाहेरच्या या घरांना अनेक बँका दारातही उभे करत नाहीत, आणि मालक चढ्या दराच्या खाजगी वित्त कंपनीकडे जातो. साडेआठऐवजी 12 टक्के दर लागला, तर 50 लाखांच्या 20 वर्षांच्या कर्जावर 28 लाख रुपये जास्त जातात. कागद पुरते नसण्याची ही शिक्षा बहुधा सर्वांत कमी ऐपतीच्या घराला होते.

आज बँका गहाण घेतात ते मूळ कागदपत्रे ठेवून घेऊन, आणि कर्नाटकात त्याचे ज्ञापन उपनिबंधकाकडे नोंदवले जाते. 1 डिसेंबर 2023 पासून कर्ज पूर्ण फिटल्यावर 30 दिवसांत कागदपत्रे परत देणे बंधनकारक आहे. कर्ज देणाऱ्या संस्थेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला 5,000 रुपये भरपाई कर्जदाराला मिळते. पण कागद हातात आले म्हणजे घर मोकळे झाले असे नाही. ज्ञापनाची नोंदणी झाली असेल, तर मुक्तिपत्रही उपनिबंधकाकडे नोंदवून घ्यावे. तोवर फिटलेल्या कर्जाचा बोजा त्या घराच्या भारप्रमाणपत्रावर दिसतच राहतो.